बायकांचा खेळ साडेचारला

तोकिलुपे पुढे नाचायची आणि मी तिच्या मागे माकडचाळे करायचे. हे मी आपल्या मनाने ठरवलेलं नव्हतं, जन्मानेच ठरलं होतं. तिची आई माझी सख्खी आत्या. आम्हा टोंगाच्या माणसांत आत्याचा आणि तिच्या मुलांचा मान सगळ्यात वरचा आणि मामाची पोरं सगळ्यात खालची. वरच्याने अंगाला तेल चोपडून, गुडघे जुळवून, मान जराशी कलती ठेवून संथ नाचायचं. खालच्याने मागे उड्या मारायच्या, जीभ काढायची, फतकल मारून पडायचं. मागे असा धिंगाणा असला की पुढचीचं सौंदर्य उठून दिसतं. तेव्हा तुझ्या रूपात माझा निम्मा वाटा आहे, असं मी तिला कायम ऐकवायचे. ती म्हणायची, "निम्मा कसला, पाऊण. देहाच्या मानाने धर."

मी पिसिला. तिच्याहून वर्षाने मोठी. मांगेरे या टोंगाहून आलेल्यांनी भरलेल्या उपनगरात आमची घरं एका गल्लीत, मध्ये चार कुंपणं. आतेभावंडं येऊन आमच्याकडचं काहीही उचलून नेऊ शकत, आणि आम्ही हसून द्यायचं. तोकिलुपेने माझ्या सहा वर्षांच्या वाढदिवसाची बाहुली नेली ती अजून परत आलेली नाही. मी हसून दिली होती. पुढे तीस वर्षं मनातल्या मनात शिव्या घातल्या, तो भाग वेगळा.

तिला एकच भाऊ, लिसिआते. तिच्याहून चार वर्षांनी मोठा. बहीण बारा वर्षांची झाली तशी आत्याने त्याची गादी उचलून गॅरेजमध्ये टाकली. यात कुणाला काही वावगं वाटलं नाही, कारण सगळ्यांच्याच घरी तसं होतं. बहीणभावाने एका छपराखाली झोपायचं नाही, एका खोलीत दोघंच बसायचं नाही, थट्टा करायची नाही, एकमेकांसमोर कुणाच्या प्रेमाचा विषय काढायचा नाही. लिसिआते स्वयंपाकघरात यायच्या आधी दाराबाहेर उभा राहून खोकायचा. तो खोकला ऐकला की तोकिलुपे आपली थाळी उचलून पुढच्या खोलीत जायची, आणि मग तो आत येऊन जेवायचा. टीव्हीवर कुणी कुणाजवळ नुसतं सरकून बसलं, तरी दोघांपैकी एकाला तहान लागायची. दोघं एकमेकांना तुम्ही म्हणायची. मामेबहीण म्हणजे आमच्यात बहीणच, त्यामुळे मीही त्याला तोंडावर तुम्हीच म्हणायचे आणि त्याच्या खोकल्याला उठायचे. बाहेरच्याला वाटावं, या दोघांचं काहीतरी बिनसलंय. खरं तर त्या घरात त्या दोघांइतकं एकमेकांना जपणारं दुसरं कुणी नव्हतं.

लिसिआते पंधराचा असताना त्याच्या वडलांची पाठ गेली. ते गोदामात ओझी उचलायचे. त्यानंतरच्या सोमवारी लिसिआते शाळेत गेला नाही, काँक्रीट कापायच्या कामावर गेला. गणितात त्याचा हात धरणारा वर्गात कुणी नव्हता असं त्याचे मास्तर आत्याला घरी येऊन सांगून गेले. आत्याने त्यांना चहा दिला आणि ते गेल्यावर कपबशी धुताना रडली. लिसिआते यावर एक शब्द बोलला नाही. संध्याकाळी पिठात लोळून आल्यासारखा पांढराफटक होऊन यायचा, आंघोळ करायचा आणि आम्हा दोघींना नाचाच्या तालमीला घेऊन जायचा. तो पुढे, आम्ही दोघी मागच्या सीटवर, भाड्याची गाडी केल्यासारख्या. तालीम दोन तास चालो की तीन, तो बाहेर गाडीतच बसून राहायचा. तो आत कधी आला नाही. तिची शाळा पुरी झाली, नाट्यशाळा पुरी झाली, नाचात ती नावाजली, आणि ही सगळी वर्षं तो कुठल्या ना कुठल्या दाराबाहेर गाडीत बसलेला होता.

पुढे ती नटी झाली. असं म्हटलं की लोकांना काहीतरी भलतंच डोळ्यांपुढे येतं, म्हणून सांगते. वीस वर्षांत ती टीव्हीवर नर्स झाली, झाडूवाली झाली, आणि कोर्टाच्या बाकावर बसून रडणारी आई तर इतक्यांदा झाली की मी एकदा मोजून तिला सांगितलं, "तू आतापर्यंत सात मुलगे तुरुंगात घातलेस. जरा नीट वळण लावत जा." यातल्या एकाही बाईला आडनाव नव्हतं. तिसरं वाक्य असलं तर आम्ही घरी मेजवानी करायचो.

बेचाळिसाव्या वर्षी एका चित्रीकरणात दिग्दर्शकाने तिला सांगितलं की तुमची माणसं मयताला जशी रडतात तसं रड, जरा जोरात. तिने रडून दाखवलं. ती मन लावून काम करणारी बाई आहे. मग तिथून थेट माझ्या स्वयंपाकघरात आली. मी अळूची पानं निवडत होते.

"मी लिहिणार आहे," ती म्हणाली.

"काय? तक्रारअर्ज?"

"सिनेमा."

"आणि काढणार कोण?"

"मीच. कुणाच्या दारात उभं राहायचं नाही आता."

"बरं," मी म्हटलं, "तोवर ही पानं पूस. आणि झाडूवालीचं काम मला ठेव, तू फार वर्षं केलंस."

तिने दोन वर्षं लिहिलं. पहाटे उठून, बसमध्ये, चर्चमध्ये प्रवचन रंगलं नाही तर भजनाच्या वहीच्या मागे. एका भावाची आणि एका बहिणीची गोष्ट. मी वाचली तेव्हा पहिल्या पानावरच त्या मुलाचा खोकला होता. मी ते पान दोनदा वाचलं. तरी मी तिला म्हटलं की शुद्धलेखन बरं आहे.

सिनेमाला पैशाची मदत देणाऱ्या कचेरीतून त्या लिखाणावर शेरे लिहून आले. बहीणभाऊ एकमेकांशी बोलत का नाहीत? त्यांच्यात पूर्वी नेमकं काय घडलं? ते उघड करा. तोकिलुपे ते शेरे घेऊन त्यांच्यासमोर जाऊन बसली. "काही घडलेलं नाही," ती म्हणाली, "यालाच आम्ही माया म्हणतो." त्यांना ते पटलं की ते थकले कोण जाणे, पण त्यांनी हो म्हटलं.

निर्माती म्हणजे काय ते मला पुढच्या वर्षात कळलं. निर्माती म्हणजे खुर्च्या उसन्या आणणारी, पावसाकडे पाहणारी, शेजाऱ्याच्या कुत्र्याला गप्प बसवणारी आणि सगळे जेवल्यावर पातेलं खरवडणारी. कपडे आणि जेवण माझ्याकडे होतं. शिवाय त्यात एक लग्नाचा प्रसंग होता. सिनेमातली बहीण लग्नात नाचते, आणि तिच्या मागे एक जाडी बाई धिंगाणा घालते. ती जाडी बाई मी. हे काम तिने माझ्यासाठीच लिहिलं होतं. त्या बाईला तिने आडनावही दिलं होतं.

या सगळ्यात लिसिआतेची फुप्फुसं गेली. तीस वर्षं काँक्रीटची धूळ आत गेली होती, ती तिथेच बसली असं डॉक्टरांनी सांगितलं. प्राणवायूची नळकांडी चाकाच्या गाडीवरून ओढत तो घरभर फिरायचा. आता तो दाराबाहेर उभं राहून खोकायचा ते आत यायचंय म्हणून की दम लागला म्हणून, ते कळायचं नाही. आम्ही आपल्या दोन्ही वेळा उठायचो.

बहिणीने काय लिहिलंय ते त्याने विचारलं नाही. पण त्याला कळलं असणारच. चित्रीकरणाला त्याने आपलं गॅरेज मोकळं करून दिलं आणि तेवढे दिवस बायकोपोरींना घेऊन मेहुण्याकडे जाऊन राहिला. दर शनिवारी त्याच्या वाफ्यातल्या रताळ्यांचं पोतं आमच्या दाराशी असायचं. निरोप एकच, काम करणाऱ्यांना उकडून घाला.

सिनेमाच्या शेवटच्या प्रसंगात मोठी झालेली बहीण भावाच्या खोलीच्या दाराशी येते. या वेळी ती खोकते. तो आत आहे. दार उघडत नाही, उघडायचं नसतंच. आणि ती त्या बंद दाराशी बोलते. तुम्ही त्या सोमवारी शाळेत गेला नाहीत, मला माहीत आहे, म्हणते. तुम्ही गाडीत बसून राहिलात म्हणून मी नाचले, म्हणते. सात मिनिटांचा प्रसंग आहे. तोकिलुपेला हे त्याच्या तोंडावर जन्मात म्हणता आलं नसतं, आणि त्याला ते ऐकून घेता आलं नसतं.

"मला दुसरं काही नको," तिने मला सांगितलं. "कुठे बक्षीस नको. त्यांनी ती सात मिनिटं पाहायला हवीत. त्यांचे किती दिवस राहिलेत देव जाणे."

"मग तो गाडीतला प्रसंग काढून टाक," मी म्हटलं. कारण मध्ये एक प्रसंग होता, लग्नातल्या नाचानंतरचा. ती मुलगी आणि तिचा मित्र गाडीत बसतात आणि, काय सांगायचं, गाडीत बसलेली तरुण माणसं जे करतात ते करतात. फार नाही. पण बहिणीच्या देखत भावाला पाहता येण्यातलं नाही.

"तो काढला तर ती मुलगी उरत नाही, बाहुली होते."

"बाहुली म्हणालीस तर माझी एक..."

"पिसिला."

"बरं, राहिलं."

तिनेच मग तोडगा काढला. चर्चच्या हॉलमध्ये, शनिवारी, दोन खेळ. पुरुषांचा दोन वाजता, बायकांचा साडेचारला. म्हणजे कुणाची बहीण कुणाच्या शेजारी नको आणि कुणाला मध्येच तहान लागायला नको. पाळकसाहेबांना ही कल्पना इतकी आवडली की त्यांनी आधीच्या रविवारी वेदीवरून दोनदा सांगितली. ती स्वतः पहिल्या खेळाला हॉलमध्ये नसणार होती. बाहेर गाडीत बसणार होती. आयुष्यभर तो तिच्यासाठी बसला तशीच. आणि मला तिने दोन्ही खांदे धरून सांगितलं, "तू मुदपाकखान्यातून बाहेर यायचं नाहीस. तूही त्यांची बहीणच आहेस."

"मला काय करायचंय," मी म्हटलं.

त्या दिवशी हॉल भरला. लिसिआते आला. बायकोने त्याला इस्त्रीचा सदरा घातला होता, आमच्या रिवाजाप्रमाणे कमरेला चांगली चटई बांधली होती, आणि तो पहिल्या रांगेत कडेला बसला, नळकांडं पायाशी. मी आत ओट्यापाशी होते. मुदपाकखान्यातून हॉलमध्ये ताटं सरकवायची एक खिडकी आहे, तिची झडप आम्ही लावून घेतली होती. पातेल्यात नारळाचं दूध उकळायला आलेलं. आणि हॉलमधून ढोलाचा आवाज आला. लग्नाचा प्रसंग.

मी पन्नाशीकडे झुकले होते. इतकी वर्षं मागे नाचले, पण मला मी कधी दिसले नव्हते. मागे नाचणारीचे कुणी फोटो काढत नाही, काढले तरी ती पुढचीच्या खांद्याआड असते. साडेचारला मला ते सगळं पाहायला मिळणारच होतं. अडीच तासांचा प्रश्न होता. पण मला धीर निघाला नाही. हातातला डाव हातातच ठेवून मी दार ढकललं आणि अंधारात मागच्या खांबाला टेकून उभी राहिले. एवढंच पाहायचं आणि पळायचं, असं म्हटलं.

आणि मी दिसले. पडद्यावर, भिंतीएवढी. पुढे ती मुलगी हंसासारखी चाललेली आणि मागे मी, डोळे फिरवत, ढुंगण हलवत, एका क्षणी पाय अडकून बदकन खाली. तो पाय खरोखरच अडकला होता, आणि तोकिलुपेने तो तसाच ठेवला होता. मी हसले. माझं हसू मांगेरेत सगळ्यांना माहीत आहे, ते आधी नाकातून निघतं आणि मग आवरत नाही. पुरुषही हसत होते, पण ते थांबले तरी मी हसतच होते.

पहिल्या रांगेत लिसिआतेची मान ताठ झाली. त्याने मागे वळून पाहिलं नाही. वळून पाहिलं असतं तर मी इथे आहे हे त्याला कळलं असं झालं असतं. पडद्यावर ती मुलगी गाडीचं दार उघडून आत बसली, आणि तो उठला. नळकांड्याची गाडी उचलून घेतली, चाकाचा आवाज नको म्हणून, आणि बाजूच्या दाराने बाहेर गेला. त्याला नळकांडं उचलणं झेपत नव्हतं तेव्हा.

मी मुदपाकखान्यात पळाले. दूध फाटलं होतं. झडपेची फट करून मी पाहत राहिले, आता येईल, गाडीचा प्रसंग संपला, आता येईल. पण एकदा उठलेल्या माणसाने परत येऊन बसायचं म्हणजे आपण का उठलो होतो ते सगळ्या हॉलला सांगण्यासारखं, आणि मी अजून आत आहे की नाही हेही त्याला माहीत नव्हतं. शेवटचा प्रसंग आला. पडद्यावरची बहीण खोकली, बंद दाराशी बोलायला लागली, आणि समोरची खुर्ची रिकामी. सात मिनिटं मी ती खुर्ची पाहिली. मी तेव्हा जाऊन त्याला आणायला हवं होतं. पण मी कुणाला काय तोंड दाखवणार होते?

नावं वर सरकायला लागली तसा तो बाजूच्या दाराने हळूच आत आला आणि दिवे लागले तेव्हा सगळ्यांबरोबर टाळ्या वाजवत होता. मग हॉलच्या पायऱ्यांवर जाऊन खोकला. तोकिलुपे गाडीतून उतरून चार पावलांवर येऊन उभी राहिली, जमिनीकडे बघत.

"पाहिला," तो म्हणाला. "शेवटपर्यंत पाहिला. चांगला केलात."

"आभारी आहे," ती म्हणाली.

त्यांच्या आयुष्यातलं ते सगळ्यात लांब संभाषण असावं. मी ताटं मांडत होते. दार उघडं होतं, त्यामुळे मला ऐकू आलं.

सिनेमाची एक चकती मागून घेऊन ती त्याच्या बायकोकडे द्यायची, पोरींना बाहेर काढून त्याला एकट्याला पाहू दे म्हणायचं, असं मी मनाशी घोकत होते. सोमवार गेला. मंगळवारी त्याला दवाखान्यात नेलं. नऊ दिवसांनी तो गेला.

मयताला मी खालची, म्हणून छातीपर्यंत येणारी फाटकी मोठी चटई गुंडाळून मागे चुलीपाशी. ती त्याची बहीण, म्हणून त्याच्या उशाशी, तलम चटयांवर, दोन दिवस आणि दोन रात्री न हलता. त्या घराने तिला तेवढं एक दिलं होतं, भाऊ मेल्यावर त्याच्याजवळ बसायचा हक्क. जिवंतपणी एवढ्या जवळ ती लहानपणानंतर कधी बसली नव्हती. मी तिला चहा द्यायला गेले तेव्हा तिचा चेहरा दगडासारखा होता. मला राहवलं नाही. मी तिच्या कानाशी वाकून म्हटलं, "निदान त्यांनी शेवटपर्यंत पाहिला, तोकि." तिने मान हलवली. मला वाटलं, चला, तेवढं तरी सुख तिच्या पदरात टाकलं.

सिनेमा पुष्कळ गावं फिरला. तिला बोलावणी आली, पुढचं लिहा म्हणून माणसं घरी आली. तिने सगळ्यांना नाही म्हटलं. दमले, म्हणाली. शाळेच्या कचेरीत नोकरी धरली, शनिवारी पोरींना नाच शिकवायला लागली. लिहायच्या वहीत चर्चची फुलं कुणी कधी आणायची त्याची यादी असायची. मला वाटायचं भावाचं दुःख आहे, निवेल. आणि दर वेळी ती गप्प झाली की मी तेच औषध काढायचे. त्यांनी पाहिला ना. शेवटपर्यंत पाहिला. चार वर्षं मी हे तिला पाजलं.

चौथ्या वर्षदिनाला आम्ही दोघी सकाळी त्याच्या कबरीवर गेलो. जुनी कापडी फुलं काढली, वाळू सारखी केली, आमच्यात घालतात तशी नवीन गोधडी वर अंथरली. ऊन पडलं होतं. ती चटईवर बसली आणि मी पुन्हा तेच म्हटलं.

"पुरे कर," ती म्हणाली. "त्यांनी पाहिला नाही."

मी जुनी फुलं पिशवीत भरायला लागले.

"मी समोरच गाडीत होते. ते बाजूच्या दाराने बाहेर आले, नळकांडं छातीशी धरून. त्या बुटक्या भिंतीवर बसले. मी सीटखाली वाकले. मला पाहिलं असतं तर त्यांना लाज वाटली असती. सगळा वेळ बसले होते तिथे. थंडी होती. सदरा पातळ होता. मी गाडीत वाकून पाहत होते आणि मला जाऊन एक कांबळं देता येत नव्हतं."

"तू कधी बोलली नाहीस."

"काय बोलू? त्यांना सहन झालं नाही, पिसिला. आमच्या घरातलं मी सगळ्या गावापुढे मांडलं. त्यांनी जन्मभर जे झाकलं ते मी भिंतीवर दाखवलं. मरायला टेकलेल्या माणसाला मी थंडीत बाहेर बसवलं, आणि वर त्यांना माझ्यासाठी खोटं बोलायला लावलं. तूही बोलतेस, मला कळतं, मला बरं वाटावं म्हणून. पण आता पुन्हा लिहून आणखी कुणाला बाहेर बसवू?"

आता सांगितलं नाही तर मी माणूस नव्हे, असं मला वाटलं.

"ते सिनेमावरून उठले नाहीत," मी म्हटलं. "माझ्यावरून उठले. मी आत होते."

तिने माझ्याकडे पाहिलं. मी सगळं सांगितलं. खांब, डाव, पडद्यावरची मी, माझं हसू, रिकामी खुर्ची. माझं संपल्यावर तिने विचारलं, "ते कधी उठले? नेमकं."

"नाच झाला त्यानंतर. मुलगी गाडीत बसली तेव्हा."

"तोपर्यंत पाहत होते?"

"हो."

"नीट आठव. कसे पाहत होते?"

"नाच चालू होता तेव्हा त्यांचा हात गुडघ्यावर होता," मी म्हटलं. "बोटं ठेका धरत होती. मला खांबापासून पडद्याच्या उजेडात दिसत होतं."

हे ऐकल्यावर ती रडली. कोर्टाच्या बाकावर रडायची तशी नाही, आवाजच नव्हता. बहिणीचा नाच त्याने कधी आत येऊन पाहिला नव्हता, आणि पडद्यावरची ती मुलगी तिनेच शिकवलेली होती, तिच्याच हातांनी हलत होती. तेवढा त्याने पाहिला होता. मी हात पुढे केला. तिने तो बाजूला केला.

"तू मला चार वर्षं सांगितलं नाहीस."

"तुला वाटावं की त्यांनी ऐकलं. आणि मला भीती वाटली. दोन्ही."

"पन्नास वर्षं मागे उभी राहिलीस," ती म्हणाली, "आणि ते अडीच तास तुला थांबवलं नाही."

ती उठली, चटई झटकली आणि बसथांब्याकडे चालत गेली. गाडी माझी होती. मी हाका मारल्या नाहीत.

तो सगळा हिवाळा ती माझ्याशी बोलली नाही. चर्चमध्ये पलीकडच्या बाकावर बसायची. एका लग्नात तिने पोरींचा नाच बसवला होता. त्यांच्या मागे नाचायला सगळ्यांनी मला ढकललं, आणि मी गुडघा दुखतोय म्हणून बसून राहिले. तिचं बोलणं खरं होतं, आणि लिसिआतेला ती सात मिनिटं मिळाली नाहीत ते माझ्यामुळे. तिची चार वर्षं गेली तीही माझ्यामुळे. मी ओझं हलकं करायला म्हणून हे सांगत नाही. कुणाला तरी माहीत असावं एवढंच.

वसंतात एका शनिवारी दुपारी फोन वाजला. तिने नाव सांगितलं नाही, खुशाली विचारली नाही.

"त्या दिवशी तू काय घातलं होतंस?"

"कधी?"

"तुला माहीत आहे कधी."

मी सांगितलं. निळा झगा, पांढऱ्या फुलांचा, वर मुदपाकखान्यातला एप्रन. हाताला अळूचा वास. उजव्या हातात डाव, त्यावरून दूध ठिबकत होतं. पलीकडे कागदावर पेन चालल्याचा आवाज येत होता. ती विचारत गेली, खांब कुठला, दार कुठल्या बाजूला, माझ्यापासून त्यांची खुर्ची किती पावलांवर. मी प्रत्येकाचं उत्तर दिलं. काही लपवलं नाही.

"आता हस," ती म्हणाली.

"काय?"

"तेव्हा हसलीस तशी हस. त्यांनी काय ऐकलं ते मला ऐकू दे."

मी प्रयत्न केला. नाकातून थोडासा आवाज निघाला आणि थांबला. पुन्हा प्रयत्न केला. ते हसू कुठून यायचं तेच मला सापडेना. पलीकडे पेन थांबलं. पण तिने फोन ठेवला नाही, आणि मीही ठेवला नाही.